मण्यार, घाटरस्ता आणि हाताने दिलेला श्वास: १०८ रुग्णवाहिकेतलं एक प्रकरण

पार्श्वभूमी

हे प्रकरण कोकणातल्या, सह्याद्रीच्या पायथ्याला असलेल्या एका तालुक्यातलं आहे. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत आणि वेळा पाच-दहा मिनिटांच्या फरकाने धरल्या आहेत. रुग्णवाहिकेतल्या नव्या डॉक्टरांच्या प्रशिक्षणात मी हे प्रकरण आवर्जून घेते. इथे एकाच रात्रीत तीन-चार वेळा असा प्रसंग आला, की पुढचा मार्ग कुणालातरी ठरवायचा होता आणि विचारायला शेजारी कुणी मोठं माणूस नव्हतं.

तालुका डोंगराळ आहे. वाड्या सड्यावर आणि ओढ्यांच्या पलीकडे विखुरलेल्या. पंधरा-वीस वर्षांपूर्वी इथे रात्री कुणाला जास्त झालं तर बाजारपेठेतल्या जीपवाल्याला उठवायचं किंवा प्राथमिक आरोग्य केंद्राची गाडी मिळते का पाहायचं, एवढंच हातात असे. गाडी मिळाली तर तिच्यात एक स्ट्रेचर आणि एक चालक. सलाइनची बाटली नातेवाइकाने हात वर करून धरायची आणि बाकी सगळं रुग्णालयात पोहोचल्यावर. वाटेत रुग्णाचं जे होईल ते होईल, असाच सगळ्यांचा समज होता.

भारतात १०८ क्रमांकाची सेवा १५ ऑगस्ट २००५ ला हैदराबादेत सुरू झाली. गोव्यात ती २००८ मध्ये आली, महाराष्ट्रात २०१४ मध्ये. महाराष्ट्रातल्या पहिल्या ताफ्यात ९३७ गाड्या होत्या. त्यांपैकी २३३ ‘एएलएस’, म्हणजे व्हेंटिलेटर आणि हृदयाचा मॉनिटर असलेल्या, आणि ७०४ ‘बीएलएस’, म्हणजे ऑक्सिजन, सक्शन (घशातली लाळ ओढून काढणारं यंत्र), अ‍ॅम्बू बॅग (हाताने दाबून श्वास देण्याची पिशवी) आणि प्राथमिक औषधं असलेल्या. महाराष्ट्राने वेगळी वाट धरली ती इथे: प्रत्येक गाडीत डॉक्टर. त्यांना ‘ईएमएसओ’ म्हणतात आणि चालकाला ‘पायलट’. यातले बरेच डॉक्टर बीएएमएस किंवा बीएचएमएस झालेले, वर आपत्कालीन उपचारांचं प्रशिक्षण घेतलेले. चार गाड्यांमागे साधारण एकच एएलएस, त्यामुळे असल्या डोंगरी तालुक्याच्या वाट्याला बहुधा बीएलएस गाडी येते. या प्रकरणातही तसंच होतं. सर्वांत जवळची एएलएस जिल्ह्याच्या ठिकाणी, घाट ओलांडून.

समस्या: साप कुणी पाहिलाच नव्हता

ऑगस्ट महिना, संततधार पाऊस. अकरा वर्षांची मुलगी आजीजवळ जमिनीवर गोधडी टाकून झोपली होती. रात्री दीडच्या सुमारास ती पोट दुखतं म्हणून उठली आणि दोनदा उलटी झाली. आजीने ओवा चावायला दिला. घरात कुणाला वेगळी शंका यावी असं काही नव्हतं. अंगावर सूज नाही, रक्त नाही, दंशाची खूण नाही, जळजळ नाही.

मण्यारीचा दंश असाच असतो. हा साप रात्री फिरतो, उंदरांच्या मागे घरात शिरतो आणि जमिनीवर झोपलेल्या माणसाला झोपेतच चावतो. दात इतके बारीक की पुष्कळदा जाग येत नाही. घोणस किंवा फुरसं चावलं की पाय सुजतो, आग होते, माणूस आरडाओरडा करतो. मण्यारीचं विष मात्र नसा आणि स्नायू जिथे जोडले जातात तिथे काम करतं. आधी पोटदुखी, मग पापण्या जड, मग गिळता येत नाही, मग मान धरवत नाही आणि शेवटी छाती हलायची थांबते. माणूस पूर्ण शुद्धीवर असतो, त्याला सगळं ऐकू येत असतं.

तीनच्या सुमारास मुलीला पाणी पाजलं तर ते नाकातून बाहेर आलं. आवाज गेंगाणा झाला. ती डोळे उघडेना. घरच्यांना वाटलं झोप अनावर झाली आहे. मोठे काका म्हणाले, “बाहेरची बाधा दिसते, भगताकडे नेऊ.” मुलीच्या आईने मात्र कुणाला न विचारता शेजारच्या आळीतून आशाताईंना, म्हणजे वाडीच्या आरोग्य स्वयंसेविकेला, उठवून आणलं.

पहिला निर्णय: फोन कुणी करायचा, काय सांगायचं

आशाताईंनी मुलीचं कपाळ पाहिलं, ताप नव्हता. “डोळे उघड गं बाळा” म्हटल्यावर मुलीने भुवया वर नेल्या, पापण्या मात्र अर्ध्याच राहिल्या. हे पाहून त्यांनी काकांना सांगितलं, “दादा, भगताकडे नंतर जा. हिला झोप येत नाहीये, हिच्या पापण्या उचलत नाहीयेत. हे जनावराचं आहे.” साप कुणी पाहिलेला नसताना हे ठामपणे म्हणणं सोपं नव्हतं. मध्यरात्री घरातल्या कर्त्या पुरुषापुढे तर मुळीच नाही. प्रशिक्षणात लोक या वाक्यावरून पटकन पुढे जातात, मला तिथे थांबावंसं वाटतं.

वाडीत रेंज नव्हती. आशाताई वरच्या टेपावर गेल्या आणि तीन वाजून वीस मिनिटांनी १०८ ला फोन लागला. फोन घेणाऱ्याने तक्रार ‘पोटदुखी, उलटी’ अशी घेतली असती तर गाडी आली असती, पण डॉक्टरांच्या डोक्यात दुसरंच काही घेऊन. तसं झालं नाही. १०८ च्या नियंत्रण केंद्रातले डॉक्टर लाइनवर आले आणि त्यांनी तीनच प्रश्न विचारले: पापण्या पडल्यात का, गिळता येतं का, जमिनीवर झोपली होती का. तिन्ही उत्तरं ऐकून त्यांनी नोंद केली, ‘संशयित सर्पदंश, मज्जातंतूंवर परिणाम’. गाडी निघतानाच आत बसलेल्या ईएमएसओना हे कळलं होतं.

वाडीपासून डांबरी रस्त्यापर्यंत दीड किलोमीटरची पायवाट, मध्ये ओढा. गाडी आत येणार नव्हती. चार माणसांनी मुलीला झोळीतून उचललं. आशाताईंनी नियंत्रण केंद्रातल्या डॉक्टरांच्या सांगण्यावरून दोन गोष्टी सांभाळल्या. मुलीला कुशीवर ठेवलं, म्हणजे लाळ घशात न जाता बाहेर येईल, आणि दोरी-फडका कुठेही आवळून बांधू दिला नाही.

दुसरा निर्णय: कुठे जायचं

तीन पंचावन्नला झोळी आणि गाडी रस्त्यावर एकत्र आल्या. ईएमएसओ तरुण, बीएएमएस झालेले, या गाडीवर तिसरा पावसाळा. गाडीत घेतल्याबरोबर त्यांनी बोटाला पल्स ऑक्सिमीटर लावला. आकडा ९७ आला. वडील म्हणाले, “म्हणजे ठीक आहे ना डॉक्टर?” त्यांनी उत्तर न देता मुलीला सांगितलं, “एक मोठा श्वास घे आणि एका दमात आकडे म्हण. जितके जमतील तितके.” मुलगी चौदापर्यंत गेली.

ही साधी चाचणी त्या रात्रीचं मुख्य हत्यार ठरली. ऑक्सिमीटर रक्तातला ऑक्सिजन दाखवतो, छातीचे स्नायू किती थकलेत हे दाखवत नाही. नाकाला ऑक्सिजन लावला की श्वास अर्ध्यावर आला तरी आकडा ९८ राहू शकतो आणि तोवर आत कार्बन डायऑक्साइड साठत जातो. आकडा पडेपर्यंत वाट पाहणारा बहुधा उशीर करून बसतो. चौदाचे नऊ झाले, नऊचे चार झाले, तर रुग्ण कुठे चाललाय हे कुठल्याही यंत्राआधी कळतं.

पुढे तीन वाटा होत्या.

प्राथमिक आरोग्य केंद्र उलट दिशेला दहा मिनिटांवर होतं. तिथे प्रतिसर्पविष, म्हणजे सापाच्या विषावरचं औषध, होतं, पण फोनवर कळलं की पाचच कुप्या शिल्लक आहेत आणि रात्री एकच वैद्यकीय अधिकारी. श्वास थांबला तर तो धरून ठेवायला तिथे माणूसबळ नाही. उपजिल्हा रुग्णालय पस्तीस ते चाळीस मिनिटांवर. तिथे पुरेशा कुप्या, दोन डॉक्टर, परिचारिका. भूलतज्ज्ञ मात्र रात्री गावाबाहेर. जिल्हा रुग्णालयात अतिदक्षता विभाग, व्हेंटिलेटर, सगळं, पण घाटातून पावणेतीन तास.

वडिलांचा आग्रह थेट जिल्ह्याला जाण्याचा. “तिथेच पाठवणार ना शेवटी? मग मधे कशाला थांबायचं?” हा प्रश्न रास्त होता, आणि त्यामागे अनेक कुटुंबांचा कडू अनुभव आहे: एका दवाखान्यातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात, आणि प्रत्येक ठिकाणी केसपेपर नव्याने. तरीही ईएमएसओनी नकार दिला. मण्यारीचं विष एकदा नसेच्या टोकाला घट्ट बसलं की प्रतिसर्पविष ते उपटून काढत नाही; रक्तात फिरत असलेलं विष निकामी करतं. म्हणून पहिला डोस जितका लवकर तितका चांगला. शिवाय प्रतिसर्पविषाची गंभीर अ‍ॅलर्जी येऊ शकते आणि धावत्या गाडीत, एकट्या डॉक्टरने, श्वास मंदावत असलेल्या मुलीला ते देणं म्हणजे एका वेळी दोन संकटं अंगावर घेणं. पावणेतीन तासांत तिचा श्वास नक्की थांबणार होता.

आरोग्य केंद्राबद्दलचा निर्णय मात्र वादाचा आहे. त्याकडे पुढे येते.

ईएमएसओनी नियंत्रण केंद्रातल्या डॉक्टरांशी बोलून दोन गोष्टी एकाच वेळी करवून घेतल्या. उपजिल्हा रुग्णालयाला फोन: दहा कुप्या आत्ताच विरघळवायला घ्या. आणि जिल्ह्याच्या एएलएस गाडीला तिथून आत्ताच निघायला सांगितलं, उपजिल्हा रुग्णालयात गाठ घ्यायची. एएलएस सव्वाचारला निघाली. हा फोन ‘आधी तिथे पोहोचू, बघू, मग मागवू’ म्हणून मागे टाकला असता तर ती गाडी दीड तासाने उशिरा आली असती.

वाटेत

चार वीसला मुलगी नऊपर्यंत मोजू शकली. चार बत्तीसला चारपर्यंत. मान उशीवरून उचलता येईना, घशात लाळ साठून खरखर होऊ लागली. सक्शनने घसा साफ केला आणि ईएमएसओनी अ‍ॅम्बू बॅग हातात घेतली.

इथे बीएलएस गाडीची मर्यादा उघडी पडते. आत एक डॉक्टर, पुढे एक पायलट, तिसरा हात नाही. एकट्याने एका हाताने मास्क दाबून दुसऱ्या हाताने पिशवी दाबता येते, पण वळणावळणाच्या रस्त्यावर मास्कच्या कडेने हवा निसटते आणि रुग्णाला अर्धीच मिळते. त्यांनी दोन्ही हातांनी मास्क आणि हनुवटी धरली आणि पिशवी आशाताईंच्या हातात दिली. “मी म्हणेन तसं. एक, दोन, दाब. छाती वर आली की सोडा. जोरात नको.” तीन सेकंदांना एक श्वास. आशाताईंनी तशी पिशवी याआधी कधी हातात धरली नव्हती. मुलीचा स्वतःचा श्वास अजून थोडा चालू होता, त्याच्याशी जुळवून घेत त्या दाबत राहिल्या. पायलटनेही गाडी पळवली नाही. खड्ड्याआधी आवाज देत, एकसारख्या वेगाने चालवली. श्वास हाताने चालू असताना दोन मिनिटं लवकर पोहोचण्यापेक्षा मास्क न हलणं मोलाचं असतं.

या कामाला जुना आधार आहे. १९५२ साली कोपनहेगनमध्ये पोलिओची भयंकर साथ आली. श्वासाचे स्नायू लुळे पडलेले रुग्ण एकामागून एक दाखल होत होते आणि यंत्रं मूठभर. ब्यॉर्न इब्सेन या भूलतज्ज्ञाने श्वासनलिकेत नळी घालून रबरी पिशवीने हाताने श्वास देण्याचा मार्ग काढला. पहिली रुग्ण बारा वर्षांची मुलगी होती. त्यानंतर सुमारे १,५०० वैद्यकीय विद्यार्थ्यांनी पाळीपाळीने, कित्येक आठवडे, रुग्णांच्या उशाशी बसून पिशव्या दाबल्या. आजचा अतिदक्षता विभाग तिथून उभा राहिला आणि आपोआप फुगणारी अ‍ॅम्बू बॅगही त्याच देशात, त्याच दशकात तयार झाली. पुढे १९६६ मध्ये बेलफास्टच्या फ्रँक पँट्रिज यांनी हृदयाला झटका देणारं यंत्र रुग्णवाहिकेत चढवलं. १९६७ मध्ये अमेरिकेतल्या पिट्सबर्गला पीटर साफर यांच्या मार्गदर्शनाखाली ‘फ्रीडम हाउस’ ही सेवा उभी राहिली. तिने वस्तीतल्या, बहुतांश बेरोजगार कृष्णवर्णीय तरुणांना शिकवून जगातल्या पहिल्या कुशल पॅरामेडिकांमध्ये आणून बसवलं. डॉक्टरची पदवी नसलेला माणूस नीट शिकवला तर श्वास राखू शकतो, हे तिथे सिद्ध झालं. आशाताईंच्या हातातली पिशवी मला म्हणूनच नवलाची वाटत नाही. त्यांना ती आधी कुणी शिकवली नव्हती, हे मात्र खटकतं.

उपजिल्हा रुग्णालय: पावणेदोन तास

चार बेचाळीसला गाडी पोहोचली तेव्हा कुप्या तयार होत्या. प्रतिसर्पविष कोरड्या पावडरीच्या रूपात येतं आणि ते पाण्यात विरघळायला वेळ लागतो. घाईने कुपी हलवली तर नुसता फेस होतो, म्हणून ती तळहातात धरून हळूहळू फिरवावी लागते. दहा कुप्या अशा करायला परिचारिकेला पंधरा-वीस मिनिटं लागली होती आणि ती मिनिटं मुलगी रस्त्यात असताना गेली, दारात आल्यावर नाही. लहान मूल म्हणून डोस कमी केला नाही. साप मुलाला काही कमी विष सोडत नाही.

चार पन्नासला सलाइनमधून प्रतिसर्पविष सुरू झालं. पंधरा मिनिटांत अंगावर गांधी उठल्या आणि छातीत शिट्ट्या वाजू लागल्या. सलाइन थांबवलं. अशा अ‍ॅलर्जीवरचं अ‍ॅड्रेनॅलिन आधीच सिरिंजमध्ये भरून ठेवलेलं होतं: २७ किलो वजनाला ०.२७ मिली, मांडीच्या स्नायूत. प्रतिक्रिया ओसरल्यावर, पाच पंचवीसला, प्रतिसर्पविष पुन्हा सुरू केलं. अनेक ठिकाणी अशी प्रतिक्रिया आली की डॉक्टर घाबरून औषध कायमचं बंद करतात आणि रुग्ण पुढे पाठवतात. इथे वैद्यकीय अधिकारी डगमगल्या नाहीत. निओस्टिग्मिन या स्नायूंची ताकद परत आणू शकणाऱ्या औषधाचा एक चाचणी डोस अ‍ॅट्रोपिनसोबत देऊन पाहिला. फरक पडला नाही. नागाच्या दंशात त्याचा उपयोग होतो, मण्यारीत क्वचितच.

एव्हाना मुलीचा स्वतःचा श्वास जवळजवळ थांबला होता. बाहुल्या मोठ्या झाल्या होत्या आणि टॉर्चच्या उजेडाला हलत नव्हत्या. दारातून पाहणाऱ्या एका नातेवाइकाच्या तोंडून निघून गेलं, “गेली पोर.” वैद्यकीय अधिकाऱ्यांनी त्यांना बाहेर नेलं. मण्यारीच्या दंशात बाहुल्या अशा होऊ शकतात, हात-पाय-डोळे काही हलत नाही, आणि तरी मेंदू पूर्ण जागा असतो. मेंदू मृत झाला असं समजून उपचार सोडण्याची चूक इथेच होते.

तिसरा निर्णय: नळी कुठे घालायची

पाच पन्नासला एएलएस पोहोचली. पावणेतीन तासांचा तो रस्ता तिने पहाटेच्या मोकळ्या घाटातून एक तास पस्तीस मिनिटांत कापला होता. मुलीला घेऊन जाताना तो वेग धरता येणार नव्हता. आता प्रश्न असा: अ‍ॅम्बू बॅगवरच निघायचं, भूलतज्ज्ञांची वाट पाहायची की इथेच श्वासनलिकेत नळी घालायची?

भूलतज्ज्ञ यायला आणखी तास. बॅग-मास्कवर घाटातून अडीच-तीन तास म्हणजे प्रत्येक वळणाला मास्क सरकणार, पोटात हवा जाणार, उलटी होऊन ती फुप्फुसात जाणार. नळी घालायची तर स्थिर टेबलावर, उजेडात, चार माणसांच्या मदतीने घालावी. निघाल्यावर वाटेत घालायची वेळ येऊ नये. एएलएसच्या ईएमएसओना नळी घालण्याचा सराव होता, लहान मुलांमध्ये कमी. त्यांनी फोनवर भूलतज्ज्ञांना घेतलं आणि ठरवलं: दोन प्रयत्न, प्रत्येक अर्ध्या मिनिटाचा. नाही जमलं तर श्वासनलिकेत न जाता घशातच बसणारी ‘आय-जेल’ नळी लावून निघायचं. हे आधी मोठ्याने बोलून ठेवलं, म्हणजे त्या क्षणी कुणी हट्टाला पेटणार नाही.

आणखी एक गोष्ट त्यांनी केली, जी अशा घाईत राहून जाते. नळीआधी गुंगीचं औषध दिलं आणि मुलीच्या कानाशी वाकून सांगितलं, “बाळा, तुला ऐकू येतंय मला माहीत आहे. घशात नळी घालतोय, त्याने श्वास सोपा होईल. तू बरी होणार आहेस.”

पहिल्या प्रयत्नात स्वरयंत्र नीट दिसलं नाही. त्यांनी लगेच बाहेर येऊन पुन्हा बॅगने श्वास दिला, डोक्याखालची घडी बदलली, आणि दुसऱ्या प्रयत्नात नळी गेली. छाती दोन्ही बाजूंना सारखी वर येते का, दोन्हीकडे आवाज येतो का, पोटात येत नाही ना, हे तपासून ती चिकटपट्टीने बांधली आणि नळीवरचा दाताजवळचा आकडा कागदावर लिहिला.

निघण्यापूर्वी ऑक्सिजनचा हिशेब. बी टाइप सिलिंडरमध्ये सुमारे १,५०० लिटर. मिनिटाला दहा लिटर धरले तर दीडशे मिनिटं आणि रस्ता त्याहून लांब, दरड पडली तर आणखी लांब. रुग्णालयाचा एक भरलेला सिलिंडर जादा चढवला. साडेसहाला गाडी निघाली. बीएलएसचे ईएमएसओ परत न जाता त्याच गाडीत बसले, कारण मागे दोन जोड्या हात हवे होते. तोपर्यंत तालुक्याची गाडी डॉक्टरविना उभी राहणार होती. ही किंमत नियंत्रण केंद्राला विचारून, जाणूनबुजून मोजली.

परिणाम

घाटात एका वळणावर व्हेंटिलेटरचा अलार्म वाजला. जोडणी सुटली होती. यंत्राशी झटत न बसता त्यांनी आधी हाताने बॅग जोडली, मग कारण शोधलं. सव्वानऊला गाडी जिल्हा रुग्णालयात पोहोचली. मुलीची नाडी, रक्तदाब आणि रक्तातला ऑक्सिजन ठीक होता.

पाचव्या दिवशी व्हेंटिलेटर काढला. दहाव्या दिवशी ती चालत घरी गेली. काही दिवस आवाज थोडा जड होता, तोही सुटला. तिला त्या रात्रीचं बरंच आठवत होतं. “आशामावशी एक-दोन मोजत होती” आणि “कुणीतरी म्हणालं, गेली पोर.” दुसरं वाक्य तिच्या मनातून जायला वेळ लागला.

भारतात २००० ते २०१९ या काळात सर्पदंशाने दरवर्षी सरासरी ५८,००० माणसं मेली, असा २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या मोठ्या अभ्यासाचा अंदाज आहे. २०३० पर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणण्याचा राष्ट्रीय कृती आराखडा २०२४ मध्ये जाहीर झाला. त्यात प्रतिसर्पविषाच्या पुरवठ्याची चर्चा खूप होते. मण्यारीच्या रुग्णाला मात्र औषधाइतकाच श्वास लागतो, आणि तो औषधाच्या आधी लागतो.

काय वेगळं करता आलं असतं

सर्वांत मोठा वेळ गाडीत गेलाच नाही. दीड ते तीन वीस, जवळजवळ दोन तास घरात गेले. पावसाळ्यात, जमिनीवर झोपलेल्या मुलाला मध्यरात्री अचानक पोटदुखी-उलटी झाली तर मण्यार आठवली पाहिजे, हे वाडीवरच्या प्रत्येक घराला माहीत असायला हवं. भगताला विरोध करून हे साधत नाही. जिथे जमलं तिथे भगतांनाच बोलावून ‘पापण्या पडल्या तर आधी १०८, मग तुमचं काय ते करा’ असं सांगितलं गेलं, आणि ते ऐकतात.

आरोग्य केंद्राचा निर्णय. केंद्र उलट दिशेला होतं, पण दहाच मिनिटांवर. तिथे पाच कुप्या सुरू करून, वैद्यकीय अधिकाऱ्यांना सोबत घेऊन पुढे निघता आलं असतं का? पहिलं औषध वीसेक मिनिटं आधी शरीरात गेलं असतं. पण प्रतिक्रिया तिथे आली असती, श्वासही तिथेच मंदावला असता, आणि केंद्र उरलेली रात्र डॉक्टरविना राहिलं असतं. माझं मत त्या रात्रीच्या निर्णयाच्या बाजूने आहे, कारण श्वास सांभाळणारे हात फक्त गाडीत होते. केंद्रात पुरेशा कुप्या आणि बॅग-मास्क येणारी परिचारिका असती तर मी उलट मत दिलं असतं. तालुक्याने यावर पावसाळ्याआधी बसून, कोणत्या वाडीचा रुग्ण कुठे थांबवायचा हे नकाशावर लिहून ठेवायला हवं. पहाटे चारला गाडीत बसून एकट्याने ठरवण्याची ही गोष्ट नाही.

नळी योग्य जागी आहे याची खात्री डोळ्यांनी आणि कानांनी केली. उच्छ्वासातला कार्बन डायऑक्साइड मोजणारं यंत्र, कॅप्नोग्राफ, त्या गाडीत नव्हतं. घाटातल्या अलार्मच्या वेळी ते असतं तर नळी सरकली की जोडणी सुटली, हे दोन श्वासांत कळलं असतं.

तिसऱ्या हाताचा प्रश्न तसाच आहे. ज्या तालुक्यातून जिल्ह्याला जायला दोन तासांहून जास्त लागतात, तिथल्या बीएलएस गाडीवर पावसाळ्याचे चार महिने तरी आणखी एक प्रशिक्षित सहायक हवा. तो येईपर्यंत निदान आशाताईंना आणि पायलटना बॅग-मास्क शिकवता येईल. पुतळ्यावर अर्ध्या दिवसात ते हाताला बसतं. त्या उपजिल्हा रुग्णालयाने पुढच्या पावसाळ्यापूर्वी असा एक वर्ग घेतला. त्याच आशाताईंनी इतरांना “एक, दोन, दाब” शिकवलं. बीएलएस गाडीवरचा जादा सहायक अजून मंजूर झालेला नाही.